देवाला पत्ता नीट सांगितला

मुलुंड, २४ सप्टेंबर २०२४

ती. दादा,

पाकीट बघून तुला वाटेल, बाय वेडी झाली की काय, हातात फोन असताना पत्र लिहिते. तर कारण ऐक. फोन केला की तू तो स्पीकरवर टाकतोस आणि पडवीत बसलेलं अर्धं गाव माझं बोलणं ऐकतं. मागे तुला दाढ दुखते म्हणून सांगितलं, तर आठवड्याने परळहून मावशीचा फोन, दाढ काढलीस का गं. व्हॉट्सअ‍ॅपवर लिहावं तर माझा फोन निहारनेच लावून दिलाय. त्याच्या लॅपटॉपवर माझं व्हॉट्सअ‍ॅप उघडं असतं. माझे मेसेज माझ्याआधी तो वाचतो. म्हणून हा मार्ग. मी बसते त्या ट्रॅव्हल्सच्या बुकिंग काउंटरवरून रोज संध्याकाळी मालवणची गाडी सुटते. तुझं कोकम आणि फणस जसे इकडे येतात तसं माझं पाकीट तिकडे येईल. ड्रायव्हर शिवदास आपल्या तिठ्यावर तुला देईल. उत्तरही त्याच्याकडेच दे, घरी पाठवू नकोस.

आता मुख्य गोष्ट. दादा, निहार व्हेप ओढतो. विडी-सिगारेट नाही. छोटं यंत्र असतं, दिसायला पेन ड्राइव्हसारखं. आत रंगीत पाणी असतं, ते ओढलं की तोंडातून धूर येतो आणि वास येतो स्ट्रॉबेरीचा. ते यंत्र मी त्याच्या टेबलावर पाहिलं होतं. कॉलेजच्या प्रोजेक्टचं काहीतरी असेल असं समजून मीच ते चार्जिंगला लावलं, एकदा नाही, कितीतरी वेळा. खोलीला छान वास येतो म्हणून त्याचं कौतुकही केलं, की पोरगा अकरावीत गेला आणि टापटीप शिकला. तो हसला होता. कशाला हसला ते आता कळतंय.

गेल्या आठवड्यात एक कॉलेजची मुलगी काउंटरला तिकीट काढायला आली. तिच्या हातात तेच यंत्र होतं. बाहेर जाऊन तिनं ओढलं आणि तोच वास आला. मला पुढच्या गिऱ्हाईकाचं नावसुद्धा लिहिता येईना.

राजेशला सांगितलेलं नाही. त्याचा राग तुला माहीत आहे. तो आधी मारेल आणि मग विचारेल काय झालं. निहारशी अजून बोलले नाही, कारण काय बोलायचं तेच कळत नाही. हे सगळं कुणालाही सांगू नकोस. वहिनीलाही नको.

तुझी
रुचिरा


गाव, २८ सप्टेंबर २०२४

चि. बाय, आशीर्वाद.

शिवदासाने पाकीट दिलं तेव्हा मला वाटलं जमिनीची नोटीस आली. वाचून जीव भांड्यात पडला. तू उगाच घाबरतेस. स्ट्रॉबेरीचा वास येणारी वस्तू ती काय वाईट असणार? आपले बाबा गिरणीतून येताना विड्यांचा जो वास घेऊन यायचे तो आठव, आणि मग सांग. मी स्वतः नववीत असताना काजूच्या बागेत विड्या ओढल्या. आईनं पाठीवर झाडू मोडला तेव्हा सुटल्या. या वयात पोरं करतात. मिशी फुटायला लागली की मस्तीही फुटते.

तरी तुला त्रास होत असेल तर निहारला इकडे पाठव. माझ्याबरोबर पहाटे उठेल, विहिरीचं पाणी काढेल, संध्याकाळी खाडीवर माशांना गरी टाकून बसेल. हातात काम असलं की यंत्र कुठलं आठवतंय. तुझी शेवंती वहिनी त्याला बांगड्याचं तिकलं करून घालते म्हणते. (मी तिला काही सांगितलं नाही. निहार येणार का, एवढंच विचारलं, तर तिनं लगेच मसाला काढला.)

आणि स्पीकरचं म्हणशील तर मला डाव्या कानानं ऐकू येत नाही आणि उजव्या हातात नेहमी काहीतरी काम असतं. म्हणून स्पीकर. त्यात लपवण्यासारखं काय? आपल्या माणसांना आपलं कळलं तर काय बिघडतं?

कोकम पाठवतोय.

तुझा
दादा


मुलुंड, २१ ऑक्टोबर २०२४

ती. दादा,

वास चांगला म्हणून वस्तू चांगली, असं मलाही आधी वाटलं होतं. पण तसं नाहीये. विडी ओढून झाली की ती संपते. हे संपतच नाही. अंथरुणात, बाथरूममध्ये, वर्गात शेवटच्या बाकावर, तोंडाला लावलं की झालं. निहारने मला स्वतः सांगितलं.

हो, बोललो आम्ही. घटस्थापनेच्या दुसऱ्या दिवशी राजेश ड्युटीवर होता. मी यंत्र त्याच्यासमोर ठेवलं. मला वाटलं तो ओरडेल. तो रडायला लागला रे. सोळा वर्षांचा पोरगा, माझ्यापेक्षा उंच, आणि माझ्या मांडीवर डोकं ठेवून रडला. म्हणाला, आई, मला सोडायचंय पण सकाळी उठलं की हात थरथरतो, वर्गात काही शिरत नाही, चिडचिड होते. क्लासमधली निम्मी पोरं ओढतात, मुलीसुद्धा. विकायला बंदी आहे म्हणे देशात, पण फोनवर मेसेज टाकला की क्लासच्या खालीच आणून देतात. सुरुवात एका मित्राच्या वाढदिवसाला झाली. नाही म्हटलं असतं तर सगळे हसले असते, म्हणाला.

मी त्याला भांडुपला एका काउन्सेलरकडे नेलं. सुहासिनी मॅडम म्हणून आहेत, खूप शांत बाई. एकदम सुटणार नाही, हळूहळू सोडवू, पण तो तुमच्याशी बोलतोय हीच मोठी गोष्ट आहे, असं म्हणाल्या. चार वेळा जाऊन आला. येताना आम्ही स्टेशनजवळ डोसा खातो आणि घरी मी सांगते की एक्स्ट्रा लेक्चर होतं. गेल्या आठवड्यात तो आपणहून म्हणाला, आज फक्त दोनदा ओढलं.

त्याची एकच अट आहे. कुणालाही कळता कामा नये. बाबांना नाही, नातेवाइकांना नाही. माझा हात स्वतःच्या डोक्यावर ठेवून त्यानं शपथ घ्यायला लावली. मी घेतली. तुला पत्र लिहिलंय हे त्याला माहीत नाही, म्हणजे शपथ घेतानाच ती मोडलेली होती. पण तू माझा दादा आहेस, तुला सांगणं म्हणजे स्वतःशी बोलणं, अशी मनाची समजूत घातली.

इकडे मी रोज घाबरून जगते. त्याचा खोकला ऐकते, बाथरूममध्ये किती वेळ लागला ते बघते. माझ्या हातात काहीच नाही असं वाटतं. पुढच्या महिन्यात जत्रा आहे ना? मला रजा मिळणार नाही. माझ्या वतीनं देवाला एक नारळ ठेव दादा. बाकी मला काही सुचत नाही.

तुझी
रुचिरा


गाव, २५ नोव्हेंबर २०२४

चि. बाय, अनेक आशीर्वाद.

काल जत्रा झाली. एवढी गर्दी मी बऱ्याच वर्षांत पाहिली नव्हती. मुंबईचे चाकरमानी दोन गाड्या भरून आले होते, भांडुपचे, डोंबिवलीचे, आपले परळवाले. तुझी आठवण सगळ्यांनी काढली.

तुझं काम झालं. तू नुसता नारळ ठेव म्हणालीस, पण बाय, मुंबईत राहून तू विसरलीस. गाऱ्हाणं घातल्याशिवाय नारळ कसा ठेवणार? मुका नारळ देव घेत नाही. काय मागणं आहे ते मोठ्यानं सांगावं लागतं आणि चार माणसांनी होकार द्यावा लागतो, तेव्हा ते देवाला पोचतं. आई तुझ्या लग्नाच्या वेळी असंच करून आली होती.

म्हणून मी गुरवाला सगळं नीट समजावलं. त्यानं काय सुंदर गाऱ्हाणं घातलं म्हणून सांगू. मी आठवेल तसं लिहितो, तुला बरं वाटेल.

"बा देवा म्हाराजा, आज ही तुझी माहेरवाशीण, सहदेवाची भैण रुचिरा, मुंबैत मुलुंडाक ऱ्हवता. तिचो झील निहार राजेश परब, अकरावीत शिकता. तेका तोंडातसून धूर काढूची वायट सवय लागली आसा, म्हाराजा."

सगळी जत्रा म्हणाली, "व्हय म्हाराजा."

"ज्या कोणी तेका ही सवय लावल्यान, तेचो हात तू आखडून घे. पोराक वाटेर आण. आणि पुढल्या जत्रेक तेका बरो करून तुझ्या पायाकडे उभो कर."

"व्हय म्हाराजा."

बाय, एवढी माणसं एका आवाजात तुझ्या मुलासाठी व्हय म्हणाली. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. तुमच्या सोसायटीचं नाव आणि विंगसुद्धा मी गुरवाच्या कानात सांगितली होती, ती त्यानं घेतली. मुंबईत एका नावाची दहा पोरं असतात, देवाला पत्ता नीट हवा.

मुंबई मंडळाच्या पोरानं सगळ्याचा व्हिडिओ काढून ग्रुपवर टाकलाय. तुला आलाच असेल. निहारलाही दाखव. त्याला कळू दे की सगळं गाव त्याच्या पाठीशी उभं आहे.

प्रसाद पाठवतोय.

तुझा
दादा


मुलुंड, २ डिसेंबर २०२४

दादा,

व्हिडिओ आला. माझ्याआधी निहारने पाहिला.

त्याच्या क्लासमध्ये भांडुपच्या नाइकांचा मुलगा आहे. ते नाईक आपल्या मंडळात आहेत हे माझ्या लक्षातच नव्हतं. दुसऱ्या दिवशी निहार वर्गात शिरला तर मागून कुणीतरी म्हणालं, बा देवा म्हाराजा, आणि सगळा वर्ग म्हणाला, व्हय म्हाराजा. सर आले तरी थांबेनात. नंतर कुणीतरी त्या आवाजाला गाणं लावून पुन्हा फिरवलं. आमच्या विंगमधल्या लिफ्टमध्ये शेजारची बाई मला म्हणाली, काळजी करू नका, आमच्या भाच्याचंही असंच होतं. चांगल्या मनानं म्हणाली. मी तिला थँक्यू म्हटलं.

राजेशला त्याच्या डेपोतल्या माणसानं दाखवला. राजेश घरी आला, बूटही काढले नाहीत. निहारला त्यानं कसं मारलं ते मी लिहिणार नाही. मी मध्ये पडले तर म्हणाला, तुला माहीत होतं, गावच्या देवाला माहीत होतं, मलाच तेवढं माहीत नव्हतं. त्याचंही खरं आहे. त्या रात्रीपासून तो बाहेरच्या खोलीत झोपतो.

निहार मला फक्त एक वाक्य बोलला. "तू सांगितलंस." मी पाया पडले त्याच्या. त्यानं पाय मागे घेतले.

सुहासिनी मॅडमकडे तो आता येत नाही. मी एकटीच जाऊन बसले, त्या म्हणाल्या, वेळ द्या.

मी तुझ्यावर रागावले आहे का, हे मलाच कळत नाही. नारळ मीच ठेवायला सांगितला. पण दादा, सोसायटीची विंग कशाला रे सांगितलीस?

रुचिरा


गाव, ७ डिसेंबर २०२४

बाय,

दोन दिवस जेवण गेलं नाही. वहिनी विचारते काय झालं, आणि पहिल्यांदाच मला तिला काही सांगावंसं वाटत नाही.

मी मंडळाच्या पोराला फोन केला, व्हिडिओ काढून टाक म्हणालो. तो म्हणाला, काका, मी काढला तरी तो आता पाचशे फोनांत आहे. गुरवाकडे गेलो. गाऱ्हाणं मागे घेता येतं का विचारलं. तो माझ्याकडे बघतच राहिला. म्हणाला, सहदेवा, देवाला एकदा सांगितलेलं परत कसं घेणार? आणि कशाला? पोरगा वाईट व्हायला हवाय का तुला?

त्याला काय समजावणार. इथं कुणाला यात काही वाईट दिसतच नाही. गाईचं वासरू हरवलं तरी आम्ही गाऱ्हाणं घालतो, कुणाला मूल होत नसलं तरी घालतो, कुणाचा नवरा पितो तरी घालतो. नाव घेऊनच घालतो. त्याची कुणाला लाज वाटत नाही. मला वाटलं मी माझ्या भाच्यासाठी सगळ्यात मोठी गोष्ट केली. माझ्या हातात तेवढं एकच होतं.

सोबत निहारसाठी चिठ्ठी आहे. त्यात मामा चुकला एवढंच लिहिलंय. द्यावीशी वाटली तर दे. तिकडे येऊ का?

दादा


मुलुंड, १८ एप्रिल २०२५

ती. दादा,

तू येऊ नकोस म्हणून मी फोनवर सांगितलं ते बरंच झालं. चिठ्ठी निहारला दिली होती. त्यानं ती न उघडता परत माझ्या हातात दिली. आणि फेब्रुवारीत निहारला ताप आहे असं तुला सांगितलं, तो ताप नव्हता.

तो क्लासच्या जिन्यात पडला. हातपाय ताठ झाले, तोंडाला फेस आला. पोरांनी रिक्षात घातलं आणि एकटा वॉचमन त्याच्याबरोबर हॉस्पिटलात गेला, बाकी सगळे पळाले. डॉक्टर म्हणाले, यात नुसतं निकोटीन नाही. त्या यंत्रात भरायला आता गांजाचं तेल मिळतं, आणि त्यात आणखी काय मिसळतात ते विकणाऱ्यालाही माहीत नसतं. जे पोरगं ऑक्टोबरमध्ये दोनदा ओढलं म्हणून मला कौतुकानं सांगत होतं, त्याच्या नाकात नळी होती. राजेश पलंगाच्या पायथ्याशी उभा होता. त्यानंतर त्यानं हात उगारलेला नाही. आवाजही चढवत नाही. एवढा शांत राजेश मला बघवत नाही.

घरी आल्यावर निहार बरा होता थोडे दिवस. मग पुन्हा सुरू झालं. मी कपाट शोधते, दप्तर शोधते, चपलेचा तळवासुद्धा उचकटून पाहिला. एक सापडलं की तो दुसरं आणतो. परीक्षा कशीबशी दिली.

पण काल एक गोष्ट घडली म्हणून लिहितेय. जेवताना तो आपणहून बोलला. म्हणाला, आई, इथं राहून होणार नाही. मामाकडे जाऊ का थोडे दिवस? मला वाटलं मी चुकीचं ऐकलं. म्हणाला, मामा काही मुद्दाम करणार नाही, माहीत आहे मला. खाडीवर गरी टाकायची, पहाटे उठायचं, मोबाइल तुझ्याकडेच ठेव, म्हणाला. दादा, इतक्या महिन्यांत मी पहिल्यांदा पोटभर जेवले.

उद्याच्या गाडीत शिवदासच्या मागची सीट मी माझ्या हातानं त्याच्या नावावर लिहिली आहे. हे पत्र आज दुसऱ्या ड्रायव्हरबरोबर पुढे पाठवतेय. परवा सकाळी तिठ्यावर तू एकटाच ये. वहिनी नको, शेजारपाजारचे नकोत. कुणी काही विचारू नये. तो खाली उतरला की सरळ मोटारसायकलवर मागे बसवून घरी ने.

यावेळी जमेल असं वाटतंय.

तुझी
रुचिरा


गाव, २३ एप्रिल २०२५

बाय,

निहार घरी पोचला एवढं सांगून तू फोन ठेवलास. तिठ्यावर काय झालं ते विचारलं नाहीस. तुला सांगायलाच हवं.

मी एकटाच गेलो होतो. कुणाला बोललो नव्हतो, वहिनीला बाजारात जातो म्हणालो. गाडी वेळेवर आली. निहार दारात आला. बारीक झालाय गं. त्यानं मला पाहिलं आणि थोडा हसला. एक पाय खालच्या पायरीवर टाकला.

सकाळची वेळ, तिठ्यावर दूध घालायला आलेली माणसं असतात, तशी होती. आपली सुंदराबाई फुलांची टोपली घेऊन बसली होती. तिनं त्याला ओळखलं. तुझ्यासारखाच दिसतो तो. ती उठून जवळ आली, त्याच्या तोंडावरून हात फिरवला आणि म्हणाली, "बायचो झील मां तू? देवाक घातलंव हां आमी तुझा गाऱ्हाणा. आता सुटला मां रे बाबा ता?" मायेनं म्हणाली. डोळे भरले होते तिचे. दूधवाले दोघे-तिघे पुढे आले, काय रे, बरो मां आता, म्हणाले. एकानंही टोमणा मारला नाही.

निहारचा पाय पायरीवरून वर गेला. तो मागे फिरला आणि परत त्या सीटवर जाऊन बसला. मी आत चढलो. म्हणालो, चल बाबा, घरी चल, मामी वाट बघते. तो म्हणाला, "मामा, जाऊ दे ना गाडी. प्लीज." हात धरून ओढला असता तर आला असता कदाचित. पण सगळे खिडकीतून बघत होते आणि त्याचं तोंड बघून माझा हात उचलला नाही. शिवदासानं हॉर्न दिला. मी उतरलो.

मग मोटारसायकल घेऊन गाडीच्या मागे मालवणपर्यंत गेलो. तो मध्येच कुठेतरी उतरला होता. बंदरावर शोधला, स्टँडवर शोधला. दुसऱ्या दिवशी कुडाळ स्टेशनवर बसून राहिलो. मग तुझा फोन आला.

पोरगं सुटायला म्हणून माझ्याकडे येत होतं, बाय. मी त्याचं हे गावही ठेवलं नाही.

दादा


गाव, ४ नोव्हेंबर २०२५

चि. बाय, आशीर्वाद.

मे महिन्यापासून तुझं पाकीट नाही. फोन केला तर तू बरं आहे म्हणतेस आणि ठेवतेस. मी आता फोन स्पीकरवर टाकत नाही. पावसाळ्यात कुडाळला जाऊन कानाचं मशीन घेतलं.

जत्रा जवळ आली. म्हणून लिहावं लागतंय, नाहीतर तुला त्रास दिला नसता. पुढल्या जत्रेला बरा करून पायाकडे उभा कर, असं आपण मागितलं होतं. गुरव विचारतो, पोराला गुण आला का. सगळेच विचारतात. सुंदराबाई तर रोज. ती म्हणते, पहिला हार मी देणार त्याच्या हातात. मी मान हलवतो आणि पुढे जातो. नाही आला म्हटलं तर ते पुन्हा गाऱ्हाणं घालतील, आणखी मोठ्यानं. मी नको म्हटलं तरी घालतील, कारण त्यांना तेच येतं, मलाही तेच येत होतं.

काय सांगू ते तू सांग. तू म्हणशील ते सांगेन.

दादा


मुलुंड, ९ नोव्हेंबर २०२५

ती. दादा,

गुण आला म्हणून सांग.

खरं काय ते तुला लिहिते. बारावीला त्याचं नाव आहे, पण तो जात नाही. कर्जतच्या बाजूला एक व्यसनमुक्ती केंद्र आहे, तिथं दोनदा घेऊन गेलो. पहिल्या वेळी महिनाभर राहिला. आला तेव्हा गाल भरले होते, माझ्या हातचं मटण मागून खाल्लं, आणि पंधरा दिवसांत पुन्हा तेच. दुसऱ्या वेळी तो गाडीतून उतरलाच नाही. तिथले डॉक्टर म्हणाले, त्याला स्वतःला यावंसं वाटायला हवं, आम्ही बांधून ठेवू शकत नाही. आम्ही तिघं तशीच परत आलो. येताना राजेशनं वाटेत गाडी थांबवून चहा घेतला आणि तिघांसाठी बिस्किटं आणली. तुला तिठ्यावर कसं झालं असेल ते मला तिथं कळलं. तुझ्यावरचा राग त्या दिवशी गेला.

आता तो लपवत नाही. संध्याकाळी बाल्कनीत बसून ओढतो. मी आधी ओरडले, मग रडले, मग हिसकावून खाली फेकलं, तर तो दुसरं आणायला खाली गेला आणि पहाटे परतला. तेव्हापासून म्हणते, घरात बस बाबा, माझ्यासमोर बस. स्वतःच्या मुलाला मी हे म्हणते. राजेश ड्युटीवरून आला की त्याच्या शेजारी खुर्ची टाकून बसतो. सुरुवातीला समजवायचा, आता नुसता बसतो. कधीकधी दोघं मॅच बघतात. सुहासिनी मॅडमकडे मी अजून जाते, माझ्यासाठी. त्या म्हणतात, दार उघडं ठेवा. ठेवलंय. त्याच्याशी बोलायचं काय ते मात्र मला रोज नव्यानं सुचत नाही.

परवा मी त्याला विचारलं, रागावलायस का अजून माझ्यावर? तो म्हणाला, नाही गं आई, ते कधीच गेलं. आणि माझ्या खांद्यावर थोपटलं, लहान मुलाला थोपटतात तसं. तो चिडला असता तर मला बरं वाटलं असतं. त्याला आता आमच्याकडून काहीच नकोय.

जत्रेला मी येते. नारळ घेऊन, साडी नेसून, सगळ्यांसमोर. निहारची परीक्षा आहे असं सांगू. सुंदराबाईचा हार मी घेईन त्याच्या वतीनं. गुरव म्हणेल, देवानं राखलं, तर मी व्हय म्हणेन. त्या माणसांनी माझ्या मुलासाठी मागितलं होतं, त्यांना तरी कशाला दुखवायचं.

गावात कुणीही विचारलं तरी बरा आहे म्हण. वहिनीलाही तेच सांग. मला मात्र तू खरं विचारत जा दादा, दर आठवड्याला, फोनवर विचारलंस तरी चालेल. लोक आता मला विचारायचे थांबलेत.

तुझी
रुचिरा